दाजीकाकांचा डोंगर

कांजूरमार्गच्या मिठागरात दाजीकाका सकाळपासून कॅमेरा लावून बसले होते. दुपारी एक बगळा अलगद येऊन बरोबर समोर उतरला. मला वाटलं, चला, आता सुटलो. काकांनी कॅमेराच बंद केला.

"वाट लागली. आता सगळे बगळ्याकच बघतले. मिठागर कोण बघतलो?"

दाजीकाका चाळीत आमच्या शेजारी एकटेच राहत. गोरेगावच्या एका स्टुडिओत कॅमेरा अटेंडंट होते. सुट्टी आली की मित्राचा व्हिडिओ कॅमेरा मागून आणायचे आणि आटणारं पाणी टिपत बसायचे. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. शिकलेल्याला तरी यातलं काही कळायला हवं, असं वाटून मी सोबत जायचो. पण दहा मिनिटांत पाय वळवळायला लागायचे.

"काका, यात काहीच होत नाही."

"होता रे. घाय कित्याक?"

ताईच्या लग्नाला आठ दिवस असताना आई नळावर घसरली आणि कमरेचं हाड मोडलं. मुहूर्त हलवणं शक्य नव्हतं. आईने अंथरुणातूनच काकांना बोलावलं. "भावजी, मला माझ्या लेकीचं लग्न दाखवा."

लग्न मुलुंडला झालं. चार दिवसांनी आम्ही व्हीसीआर भाड्याने आणला. सगळा मजला आमच्या खोलीत दाटीवाटीने बसला.

मंगलाष्टकं खणखणीत ऐकू येत होती. पडद्यावर मात्र हॉलच्या खिडकीतला डोंगर होता. एका ढगाची सावली त्याच्यावरून उतरत होती. मामा म्हणाले, "अरे, पुढे ढकल ना." शेवटचं 'सावधान' झालं, टाळ्या झाल्या, बँड वाजला, तेव्हा कुठे कॅमेरा हळूहळू वळला. तोवर हार घालून झाले होते आणि लोक पंगतीकडे निघाले होते.

"दाजी, लग्न डोंगराचं होतं काय?" बाबा कडाडले. काका उठून गेले. मला आईकडे बघवेना.

टेप चालूच राहिली. पुढे पाठवणीच्या आधीची, हॉलमधली मागची खोली आली. मुंडावळ्या बांधलेली ताई खुर्चीवर एकटी बसली होती. बांगडी फिरवत होती, दाराकडे बघत होती. पुन्हा बांगडी, पुन्हा दार. पाच मिनिटं नुसतं तेवढंच. बाबा बटण दाबायला उठले.

"राहू द्या हो," आई म्हणाली. "माझीच वाट बघतेय ती."

मग तिने तेवढाच भाग तीनदा लावायला सांगितला.

ते सांगायला मी काकांकडे गेलो. बाबांच्या वतीने माफी मागावी असंही मनात होतं. काका स्टोव्ह पुसत होते. भिंतीवर काकूंचा फोटो होता. त्या जाऊन बरीच वर्षं झाली होती. काका माझं सगळं ऐकून घेत त्या फोटोकडे बघत राहिले.

"तिचे फोटो खूप आसत रे," ते म्हणाले. "सगळ्यांत कॅमेऱ्याकडे बघून हसता. नुसती बसायची कशी, ता आता माका आठवणा नाय."