दोन्ही बाजूंचं लिहून मिळेल

शनिवारी दुपारी अर्जवाल्या बाईंना दाढ काढायला जायचं होतं, म्हणून त्यांनी दुकानात नणंदेला बसवलं. नोंदणी कार्यालयासमोरच्या त्या आठ बाय दहाच्या खोलीत बाई सव्वीस वर्षं अर्ज, तक्रारी, भाडेकरार आणि प्रतिज्ञापत्रं लिहून देत होत्या. या सव्वीस वर्षांत एकाचा कागद दुसऱ्याच्या हातात कधी गेला नव्हता. नणंद मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेल्या. त्यांना एखादी गोष्ट दोनदा समजावून सांगायचं धाडस बाईंना लग्नापासून झालं नव्हतं.

"वन्सं, दोन मुलं येतील. त्यांचे लिफाफे ड्रॉवरमध्ये आहेत, तेवढे देऊन टाका."

"वर नावं आहेत ना?"

"आहेत."

"मग झालं. तू जा. आणि खुर्चीत बसल्यावर बडबड करू नकोस, नाहीतर डॉक्टर भलतीच दाढ काढेल."

नावं होती. एका लिफाफ्यावर 'वाघनख', दुसऱ्यावर 'बॅटरी'. फक्त बाईंची कामाची पद्धत अशी होती, की लिफाफ्यावर ज्याच्याविरुद्ध मजकूर असेल त्याचं नाव घालायचं. नणंदेने आलेल्या प्रत्येकाला त्याचं नाव विचारलं आणि त्याच्या नावाचा लिफाफा त्याच्या हातात ठेवला. दुसऱ्याला तर शर्टाचं वरचं बटण लावायलाही सांगितलं.

वाघनख आणि बॅटरी हे दोघे रॅप करत. वाघनख पहिल्यांदा आला होता तो गळक्या नळाची तक्रार घेऊन. बाईंनी घरमालकाच्या नावे पत्र लिहून दिलं. ते त्याने तिथेच उभ्याने मोठ्यांदा वाचलं, मग मान हलवत पुन्हा वाचलं आणि म्हणाला, "बाई, हे बीटवर बसतंय." पुढच्या महिन्यात बॅटरी आला. तो गाद्यांच्या दुकानात मॅनेजर होता. बाईंनी एका गिऱ्हाइकासाठी लिहिलेली तक्रार वाचून त्याने मुकाट्याने गादी बदलून दिली होती, आणि अशी तक्रार लिहितं कोण, याचा पत्ता काढत तो दारात उभा राहिला होता.

दोघे एकाच बाकावर शाळा शिकलेले. गेली चार वर्षं मात्र एकमेकांशी बोलत नव्हते. आता रविवारी दुपारी एका हॉलमध्ये त्यांचा सामना होता: प्रत्येकी दोन मिनिटं, समोरच्याची अब्रू काढायची, ज्याला टाळ्या जास्त तो पुढच्या फेरीत. दोघांनी बाईंना, अर्थात वेगवेगळ्या वारी, एकमेकांविरुद्धचे मुद्दे सांगितले. बाईंनी उतरवून घेतले.

"रॅपला काय काय लागतं, तेही एकदा सांगून ठेव," बाई वाघनखला म्हणाल्या होत्या.

"भूक लागते, बाई. म्हणजे पुढे जायची. मग तग धरायला लागतो. आणि खरेपणा. खरेपणा नसला तर लोक तोंडावर सांगतात. मागच्या वेळी मला सांगितलं."

"भूक आणि तग लिहिला. खरेपणा कुठून आणायचा?"

"तो तुम्हीच घाला," वाघनख म्हणाला. "या वेळी जरा जास्त घाला."

रविवारी सकाळी अकराला बाईंचा फोन वाजला. त्यांचा उजवा गाल पेरूएवढा झाला होता.

"बाई, बॅटरी बोलतोय. कागद आत्ता उघडला. यात मला शिव्या आहेत."

"अशक्य," बाई म्हणाल्या. गालामुळे ते "अछक्य" असं आलं.

"वाचून दाखवू? 'म्हणतो फुटपाथवर झोपलो, दगड होता उशाला. गादीच्या दुकानात मॅनेजर, दगड लागतो कशाला.' बाई, गादीचं रॅपवाल्यांत त्या वाघनखशिवाय कोणालाच माहीत नाही. म्हणजे तुम्ही त्याचंही लिहिता?"

"मी दोन्ही बाजूंचं लिहिते. घरमालकाचं लिहिते, भाडेकरूचंही लिहिते. पाटीवरच आहे."

"मला वाटलं ते फक्त घरांसाठी."

बाईंनी फोन ठेवला. सव्वीस वर्षांचा लौकिक एका दाढेपायी गेला, असं त्यांना वाटलं. वन्संना बोलायची सोय नव्हती, कारण नावं बरोबर होती. वाघनखला फोन लावला तर बंद. सामन्याच्या दिवशी तो कोणाशी बोलत नसे. बाई दुकानात गेल्या, दोन्ही मजकूर पुन्हा छापले, मफलरने गाल बांधला आणि हॉलवर पोचल्या.

दारावरच्या माणसाने त्यांच्या मनगटावर शिक्का मारला. शिक्क्यावर तारीख नव्हती, हे बाईंच्या लक्षात आलं.

"कोणाच्या बाजूने?" त्याने विचारलं.

"दोन्ही."

"तसं नाही चालत. डावीकडे वाघनख, उजवीकडे बॅटरी."

बाई उजवीकडे गेल्या, कारण बॅटरी तिकडे होता. त्याला त्यांनी योग्य तो कागद दिला. त्याने तो वाचला, वाचता वाचता त्याचे खांदे सरळ झाले आणि चष्मा पुसून तो म्हणाला, "आता बघा." वाघनखचा कागद घेऊन बाई डावीकडे निघाल्या, पण मधे चारशे माणसं होती आणि कोणी हलत नव्हतं. त्या अर्ध्यावर पोचेपर्यंत वाघनख मंचावर आला होता.

त्याने तो लिफाफा कालच उघडला होता. आपल्याला काय मिळालंय ते वाचून आधी त्याच्या कानशिलाच्या शिरा तडतडल्या. मग त्याला आठवलं, की खरेपणा जरा जास्त घाला, असं आपणच सांगितलं होतं. बाईंनी आपल्या सांगण्याप्रमाणेच केलं होतं. रात्रभर बसून त्याने सगळं पाठ केलं. जिथे 'तो' होता तिथे 'मी' घातला, बाकी काना-मात्रेला हात लावला नाही.

"नाव घेतलं वाघनख, डरकाळी फोडतो जोरात," त्याने सुरुवात केली, "कुत्रं दिसलं की शिरतो मी कुणाच्याही घरात. म्हणतो उपाशी वाढलो, रस्त्यानं शिकवलं जगायला. आई येते दुपारी, डबा संपवला का बघायला."

हॉलमध्ये आधी कोणालाच काही कळेना. मग मागच्या बाजूने कोणीतरी म्हणालं, "हे खरंय, मी पाहिलंय त्याला कुत्र्यापुढे पळताना." आणि टाळ्या सुरू झाल्या, त्या थांबेनात. डब्याची ओळ तर सगळा हॉल मागोमाग म्हणू लागला. मधोमध अडकलेल्या बाईंना आपलंच वाक्य आयुष्यात पहिल्यांदा चारशे माणसांच्या तोंडून ऐकू येत होतं. त्यांच्या कागदांवर आजवर फक्त 'मिळाले' असा शेरा यायचा. गाल ठणकत होता, तरी त्यांना बरं वाटलं, आणि बरं वाटतंय याची लाजही वाटली.

मग बॅटरी मंचावर आला आणि हातातल्या कागदाकडे बघत राहिला. बाईंनी आणून दिलेला नवाकोरा योग्य कागद. त्यावरचं सगळं, शब्द न् शब्द, वाघनखने स्वतःच म्हणून टाकलं होतं. कुत्रं गेलं, डबा गेला. बीट चालू होतं. अर्धं मिनिट गेलं. बॅटरीने वरच्या खिशात हात घातला आणि दुसरा, लिफाफ्यातला कागद काढला. त्याच्याकडे दुसरं काहीच नव्हतं.

फुटपाथ आणि गादी त्याने घाईघाईत उरकली. लोक हसले. मग शेवटच्या दोन ओळी आल्या. त्या वाघनखने मुद्दा म्हणून सांगितल्या तेव्हा बाईंनी दोनदा विचारून घेतल्या होत्या, कारण त्याचा आवाज तिथे बदलला होता.

"दोस्तासाठी जीव देईन, म्हणतो रोज माइकवर," बॅटरी हळू म्हणाला. "दोस्त दवाखान्यात होता, तेव्हा मी होतो बाइकवर."

या वेळी टाळ्या यायला वेळ लागला. वाघनख मंचाच्या कडेला उभा होता. त्याने टोपी काढली आणि पुन्हा घातली.

परीक्षकांची पंचाईत झाली. समोरच्याची अब्रू काढायची होती आणि दोघांनीही समोरच्याला बोटसुद्धा लावलं नव्हतं. शेवटी त्यांनी दोघांनाही पुढच्या फेरीत पाठवलं. इतकं प्रामाणिक लेखन या मंचावर कधी ऐकलं नव्हतं, असं संयोजक म्हणाले. म्हणूनच पुढच्या फेरीआधी या ओळी स्वतःच लिहिल्याचं रीतसर प्रतिज्ञापत्र दोघांनी द्यावं, बाहेर उगाच कोणी शंका घ्यायला नको, असंही म्हणाले.

प्रतिज्ञापत्र कुठे करून मिळतं, हे दोघांनाही माहीत होतं. सोमवारी दहा वाजता दोघे बाईंच्या दारात एकमेकांवर आदळले.

"तू आधी जा," वाघनख म्हणाला.

"नको, तू."

चार वर्षांतलं त्यांचं हे पहिलं बोलणं. बाईंनी दोघांना बाकावर बसवलं आणि सरळ सांगून टाकलं, "लिफाफे चुकले होते. माझी चूक."

वाघनखचा चेहरा उतरला. "म्हणजे ते मला सुधारायला नव्हतं?"

"नाही. याला जिंकायला होतं."

त्याने टोपी काढून मांडीवर ठेवली. मग बॅटरीकडे वळून म्हणाला, "कुत्र्याचं तुला अजून आठवतं?"

"मीच तर हाकलायचो ना ते," बॅटरी म्हणाला. मग जमिनीकडे बघत म्हणाला, "दवाखान्याच्या गेटपर्यंत आलो होतो. दोन वेळा. आत काय बोलायचं सुचलं नाही."

"काहीही बोलला असतास."

"तेच सुचलं नाही."

बाईंनी उगाचच प्रिंटरमधले कागद सारखे केले. मग म्हणाल्या, "प्रतिज्ञापत्राचं बोला. ओळी तुमच्या आहेत असं मी लिहिणार नाही. खोटं प्रतिज्ञापत्र या खोलीतून गेलेलं नाही."

"मग आम्ही संपलो," बॅटरी म्हणाला.

बाईंनी दोघांपुढे एकेक कोरा कागद आणि पेन सरकवलं. "तुम्हीच लिहा. जे खरं असेल ते. मी फक्त शुद्धलेखन बघीन."

दोन तास गेले. नणंद मधे डोकावून गेल्या आणि पेन नीट धरायला सांगून गेल्या. बॅटरीने तीन कागद फाडले. वाघनखने पेनाचं टोपण चावून सपाट केलं. शेवटी दोघांनी मिळून एकच कागद पुढे केला. त्यावर एवढंच होतं: 'आम्ही खाली सही करणारे लिहून देतो, की ओळी आमच्या नाहीत. ओळींत सांगितलेली माणसं मात्र आम्हीच आहोत. लिहायला दुसरं कोणीही मिळेल, पण तसं वागलो होतो ते आम्हीच.'

बाईंनी कागद दोनदा वाचला. एक अनुस्वार दिला, टाइप केला, सह्या घेतल्या आणि पाठवून दिला. पुढच्या फेरीतून आपलं नाव जाणार, हे धरून दोघे शेजारी बसून राहिले.

साडेतीनला संयोजकांचा फोन आला.

"प्रतिज्ञापत्र मिळालं, बाई. आम्ही सगळ्यांनी वाचलं. स्पर्धेत ठेवतोय त्यांना. ओळी कोणाच्या का असेनात, असला मजकूर मंचावर आलाच पाहिजे." मग आवाज जरा खाली आला. "फक्त एक सांगा. हे प्रतिज्ञापत्र त्यांना कोणी लिहून दिलं?"

"त्यांनीच लिहिलं. माझ्यासमोर बसून."

पलीकडे कागद चाळल्याचा आवाज आला.

"बाई, तुमच्यावर आमचा पूर्ण विश्वास आहे," संयोजक म्हणाले. "पण तसं एक प्रतिज्ञापत्र पाठवून द्या."