अर्जदार गैरहजर

आपला वकील फितूर झाला आहे, हे सरांना डब्यावरून कळलं. कोर्टाच्या कॅन्टीनमध्ये तो आणि समोरच्या पक्षाचा, म्हणजे शिक्षण खात्याचा वकील एका टेबलावर बसून खुशाल एकमेकांच्या डब्यात हात घालत होते. शाळेत मुलं सरांना दुर्बीण म्हणत. फळ्याकडे तोंड करून ते मागच्या बाकावरची कॉपी पकडायचे.

बायको खिडकीशी बसून कपड्यांच्या घड्या घालत होती. तिला त्यांनी सगळं सांगितलं.

"अहो, भूक लागली असेल दोघांना."

"भूक लागली की माणूस आपला डबा खातो," सर म्हणाले.

भांडण साधं होतं. नवी वेतनश्रेणी ज्या दिवशी लागू झाली, त्याच दिवशी सर निवृत्त झाले. खात्याच्या मते त्या दिवशी ते नोकरीत नव्हतेच, म्हणून पेन्शन जुन्या पगारावर बसली. सरांचं म्हणणं, त्या दिवशीही त्यांनी सातवीला भूमिती शिकवली होती. निकाल लागला की फरकाच्या पैशांतून तळमजल्यावर घर घ्यायचं ठरलं होतं. तिसऱ्या मजल्याचा जिना बायकोच्या गुडघ्यांना झेपत नव्हता. कित्येक महिने तिने रस्ता फक्त खिडकीतून पाहिला होता.

सरांनी सापळा रचला. पुढच्या तारखेला भाचीच्या लग्नासाठी परगावी असेन, असं त्यांनी वकिलाला कळवलं. आपण नाही म्हटल्यावर तो काय दिवे लावतो ते बघायचं. त्या दिवशी कानटोपी आणि शेजाऱ्याचा काळा चष्मा चढवून, आयुष्यात पहिल्यांदाच ते मागच्या बाकावर बसले, एका ऐसपैस बाईंच्या आड.

पुकारा झाला. खात्याचा वकील उठला आणि चक्क म्हणाला की मागणी मान्य आहे. व्याज मागणार नाही, एवढं अर्जदाराने लिहून द्यावं, तेही आजच. मंजुरी देणारे साहेब इथेच बसले होते आणि उद्या त्यांची बदली होत होती.

सरांनी कान टवकारले. इतकी वर्षं नाही म्हणणारं खातं नेमकं आपण नसताना हो म्हणतंय, म्हणजे कुठेतरी पाणी मुरतंय. ते बाईंच्या आड आणखी खाली सरकले.

"अर्जदार कुठायत?" न्यायाधीशांनी विचारलं.

सरांच्या वकिलाने रडवेल्या आवाजात भाचीच्या लग्नाचं सांगितलं. तो आवाजही सरांना नाटकी वाटला. मग नवे साहेब आले की पाहू, असं म्हणून न्यायाधीश लेखनिकाला मजकूर सांगू लागले. "अर्जदार गैरहजर..."

तो शब्द सरांना सोसवला नाही. अख्खी केस त्याच शब्दाविरुद्ध होती. ते ताडकन उभे राहिले.

"हजर."

न्यायाधीशांनी टोपी पाहिली, चष्मा पाहिला, मग वकिलाकडे वळले. "हे लग्नाला गेलेत ना?"

वकिलाने जवळ येऊन चेहरा निरखला. ओळखपत्र मागितलं, तर कोणी ओळखू नये म्हणून सर ते घरी ठेवून आले होते. हेच आपले अर्जदार, असं वकील शपथेवर सांगायला तयार होता, पण आता न्यायाधीशांनाच संशय येऊ लागला होता.

"मी ओळखतो यांना," खात्याचा वकील म्हणाला. "आम्ही जेवायला बसलो की हे खांबामागे उभे असतात. एकदा बोलावलं होतं मी, या म्हटलं दोन घास खायला. पळून गेले."

कोर्टात हशा पिकला. त्या गडबडीत कागद पुढे आला, पाठोपाठ पेन आलं. साहेब सारखे घड्याळ बघत होते. सरांनी टोपी काढली आणि सही केली.

धापा टाकत जिना चढून त्यांनी बायकोला सांगितलं, जिंकलो, सही करून आलो.

"सही करायच्या आधी वाचलंत ना?"

चपला काढता काढता सर थांबले. प्रश्न दोनदा वाचा, हे त्यांनी विद्यार्थ्यांच्या दोन पिढ्यांना, आधी बापाला आणि पुढे त्याच्या मुलालाही, वर्गात बजावलं होतं.

"खात्याचा वकील म्हणाला, सगळं नीट आहे."

"खात्याचा."

"माणूस बरा वाटला गं."

ती भिंतीला धरून उठली आणि कोपऱ्यातली काठी घेतली.

"अगं, कुठे निघालीस?"

"तो कागद वाचायला."

"कोर्ट बंद झालं असेल आता."

"उघडेल ना सकाळी. आत्ता निघाले तर तोवर पोचेन तळमजल्यावर."

सरांनी चपला पुन्हा पायांत सरकवल्या आणि तिचा हात धरला.