इंडोनेशियाच्या बाईचं माप

वरोऱ्याच्या जैनबबाईंना एकाच गोष्टीचा गर्व होता. बावीस वर्षं बायकांचे ब्लाउज शिवले, पण एकीचं माप कधी दुसरीच्या कानावर जाऊ दिलं नाही. आकडा टेपवर बघायचा आणि गुपचूप वहीत उतरवायचा. गिऱ्हाईक टिकलं ते याच भरवशावर!

त्या दुपारी कंबर मोडल्यावर त्यांनी मशीन थांबवली आणि मोबाईल उघडला. एका व्हिडिओत इंडोनेशियातली एक पन्नाशीची बाई आपल्या स्वयंपाकघरात मजेत नाचत होती, फक्त हात वर केला की तिचा ब्लाउज बगलेत आवळत होता. खाली कमेंटमध्ये पोरांनी नुसता धिंगाणा घातला होता. आंटी, घरी बस. आंटी, वय बघ. त्यात आपल्याकडचे टवाळही कमी नव्हते. आपल्याच वयाची बाई, जैनबबाईंना फार वाईट वाटलं. धीर द्यावा म्हणून त्यांनी लिहिलं, "बाई, तुमची काही चूक नाही. छाती बेचाळीस अन् टेलरनं अडतीसचं शिवलं. बगलेत उसवा."

झालं! संध्याकाळी लेकीनं, अरीबानं, कपाळावर हात मारला. कमेंटवर हसऱ्या चेहऱ्यांचा ढीग पडला होता आणि कुणी तरी त्या कमेंटचा स्क्रीनशॉट गावच्या महिला ग्रुपवर टाकला होता. चारचौघांत बाईचं माप कोण लिहितं, असं ती विचारत राहिली.

सकाळी जुन्या गिऱ्हाईक अन्नपूर्णाबाई चार जणींना घेऊन दुकानात हजर. "आज त्या बाईचं माप फोडलं, उद्या आमचं फोडसान. कापड वापस द्या."

बावीस वर्षांची अब्रू एका कमेंटपायी गेली. जैनबबाईंना रडूच येत होतं. त्या मुकाट्यानं पिशव्या काढू लागल्या.

तेवढ्यात अरीबा मोबाईल घेऊन धावत आली. त्या बाईचं उत्तर आलं होतं. मोबाईलनं केलेलं भाषांतर तिनं सगळ्यांना वाचून दाखवलं. "बेचाळीस नाही ताई, चव्वेचाळीस. सगळ्यांनी माझं वय पाहिलं. शिलाई फक्त तुम्ही पाहिली."

अन्नपूर्णाबाईंनी पिशवी खाली ठेवली आणि त्या बस स्टँडपर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "माहं शेहेचाळीस हाय. लाजेपायी मी तुमाले बेचाळीस लिवाले लावलं. दोन वर्षांपासून हात वर होऊन नाई राह्यला."

मग दुसरीनं खरं माप सांगितलं, तिसरीनं सांगितलं, संध्याकाळपर्यंत बाकीच्या गिऱ्हाइकांनीही सांगितलं. जैनबबाईंची अब्रू वाचली, कंबर मात्र वाचली नाही. लग्नसराईसाठी शिवून, इस्त्री करून ठेवलेले सव्वीस ब्लाउज त्यांना आता बगलेपासून उसवायचे होते.