नऊ दौलतींनी मध्यान्ह अडविली त्याची हकीकत

श्री सर्वसंमती प्रसन्न. जी मागितल्याने मिळत नाही आणि मिळाल्यावर कोणाच्या कामास येत नाही, त्या देवतेस प्रथम नमन. एकोपा शक एक्केचाळीस, दुंदुभी नाम संवत्सर, श्रावण शुद्ध नवमी, ते दिवशी ऐक्यसदरेत जे वर्तमान जाहले ते जैसे घडले तैसे येथे लिहिले आहे. पूर्वी नऊ दौलती आपसात तीस वर्षे लढल्या, इतक्या की पेरावयास माणूस आणि पुरावयास जागा उरेना. मग नऊही धनी शहाणे जाहले, म्हणजे थकले, आणि नदीकाठच्या सामाईक घाटावर बसून त्यांनी तह केला की, आता नाकी नाहीत, जकाती नाहीत, नाणे एक, माप एक, आणि जी मसलत करणे ती नऊ मुद्रा उमटल्यावाचून पक्की नव्हे. या तहाचे नाव एकोपा. एकोपा चांगला चालिला. सुपाची रुंदी किती असावी, बैलाच्या गळ्यातील घंटेचे वजन किती, ऐशा गोष्टी एका बैठकीत ठरत आणि नऊ मुद्रा उमटत. दोन गावांस सदरेचा मान हवा होता, म्हणून सदर दर महिन्यास एका गावाहून दुसऱ्या गावी जाई आणि दप्तराचे सत्तर गाडे मागून जात, मग पुढील महिन्यास तेच गाडे परत येत. मागून एक दहावी दौलतही सामील जाहली होती. ती रुसून निघाली आणि चार वर्षे उंबरठ्यात आपले जोडे शोधीत उभी राहिली, आणि आत काय शिजले ते विचारीत राहिली.

या सदरेत काळ राखण्याचे काम गिरमाबाईकडे होते. पाण्याच्या हंड्यावर तांब्याचे पात्र तरंगते, त्याच्या बुडास सुईएवढे भोक, त्यातून पाणी चढत चढत पात्र बुडते, आणि बुडले म्हणजे एक घटिका जाहली. मग बाई टोल देत आणि पात्र रिते करून पुन्हा ठेवीत. हे काम त्यांच्या बापाचे, त्याजकडून बाईंस आले. बापाने आणखी एक विद्या दिली होती की, निरोगी माणसाचे शांत श्वास तीनशे साठ जाहले म्हणजे एक घटिका भरते. भोकात शेवाळ धरले, हंडा फुटला, तरी श्वास राहतो. बाईंस ती सवय अशी जडली की बोलताना, जेविताना, आत कोठेतरी मोजणी चालूच असे. स्वभावाने बाई अबोल. सदरेतील मुत्सद्दी त्यांस हंड्याचाच एक भाग समजत.

आता सदरेची एक चाल सांगणे प्राप्त आहे. तहाप्रमाणे प्रत्येक मसलतीस मुदत असे आणि मुदतीत नऊ मुद्रा न उमटल्यास मसलत मोडे. मुदत सरत आली आणि मुद्रा उमटेनात, म्हणजे सरवकील, जे त्या महिन्यास सदर चालवीत ते, बाईंकडे पाहून मान हलवीत, आणि बाई पात्र आहे तसे, आतल्या पाण्यासकट उचलून उशीवर ठेवीत. यास काळास विसावा देणे म्हणत. पात्र उशीवर आहे तोवर घटिका सरली नाही, घटिका सरली नाही तोवर मुदत आहे, आणि मुदत आहे तोवर एकोपा शाबूत आहे. चाळीस वर्षे ही चाल चालली. सुपाची रुंदी याच चालीने साडेचार दिवसांच्या एका घटिकेत ठरली होती.

तर त्या साली पलीकडच्या मुलखात आग लागली, म्हणजे लढाई जाहली, आणि तीनशे चाळीस माणसे, बायका, म्हातारी, लेकरे, गाठोडी घेऊन ओंडक्यांवरून नदीत उतरली आणि मधल्या रेतीच्या बेटावर येऊन थांबली. थांबली म्हणजे थांबविली. तहात एक कलम होते की, परमुलखातून आश्रयास येणाऱ्याचा पहिला पाय ज्या दौलतीच्या काठास लागेल तिनेच त्यास पोसावे. हे कलम ज्यांस नदीचा काठच नाही ऐशा पाच दौलतींनी मोठ्या उदारपणे मांडले होते, आणि काठवाल्या चौघांनी जेवण जड जाहले असता त्यावर मुद्रा केली होती. म्हणून आता कोणाच्याही काठास कोणाचाही पाय लागू नये याकरिता घाटावर होत्या त्या दोनच नावा साखळीने बांधिल्या आणि वर पहारा ठेविला. मग सदर बैसली, कोणी किती माणसे घ्यावी ते ठरवावयास. मुदत तीन दिवस, तिसरे दिवशी मध्यान्हीपर्यंत. तह करणाऱ्या जुन्या धन्यांनी लढाई पाहिली होती, म्हणून त्यांनी शेवटी एक ओळ लिहून ठेविली होती की, मुदत सरून ठराव न जाहल्यास पहारेकऱ्याने मध्यान्हीच्या टोलाबरोबर साखळी सोडावी आणि तांडेलाने, म्हणजे नावाड्यांच्या म्होरक्याने, आपल्या जुन्या धर्माने चालावे. तांडेलांचा जुना धर्म एवढाच की बुडत्यास गाव पुसू नये.

घाटाचा तांडेल खेमा. तो तिसरे दिवशी मध्यान्हीपूर्वी सदरेच्या दाराशी आला आणि हळूच बाईंस म्हणाला, "आक्का, पाणी घटिकेस चार बोटे चढते आहे. बेटाचे टेकाड तेवढे वर राहिले, दीड हात. आत काय ठरते आहे?"

"घाटाची पहिली पायरी कोणाची, ते," बाई म्हणाल्या.

"आणि माणसे?"

"माणसांवर अजून आले नाहीत. दोन नावांत किती बसतील?"

"वीस आणि वीस. जाऊन येण्यास अर्धी घटिका. धार ओढते, आक्का, याहून लवकर होणे नाही."

"साखळीपाशी जाऊन बैस आणि टोलाकडे कान ठेव." इतके बोलून बाई हंड्यापाशी आल्या. पात्र काठोकाठ भरत आले होते, बुडावयास दहा पळे उरली होती, म्हणजे साठ श्वास. इतक्यात त्या महिन्याचे सरवकील निळकंठराव पेठकर यांनी बाईंकडे पाहून मान हलविली, आणि चाळीस वर्षांच्या चालीप्रमाणे बाईंचे हात आपोआप पुढे जाहले, आणि पात्र उशीवर गेले. मग उन्हावरून कोणास वेळ कळू नये म्हणून पडदे सोडिले आणि भर मध्यान्ही समया लाविल्या.

बाईंनी बसल्या जागी त्रैराशिक मांडिले. दीड हात म्हणजे छत्तीस बोटे, घटिकेस चार, म्हणजे नऊ घटिका. माणसे तीनशे चाळीस, खेपेस चाळीस, नऊ खेपा, त्यास साडेचार घटिका. उरल्या साडेचार, म्हणजे सोळाशे वीस श्वास. त्यातून साठ पात्र बुडावयास आणि साठ साखळी सोडावयास. पंधराशे. पंधराशेपर्यंत या नऊ शहाण्यांस शहाणपण सुचले तर उत्तम. बाईंनी एक म्हटले आणि मोजू लागल्या. यात मन भ्यावयाचे नव्हते, कारण भ्याले म्हणजे श्वास भराभर चालतो आणि गणित खोटे होते. म्हणून बाईंनी मन थंड ठेविले.

सदरेत उंचवट्याचे वकील राघो दादाजी बोलत होते. उंचवटा डोंगरावर, समुद्र नाही, नदी नाही, परका माणूस तेथे फक्त चित्रात पाहिलेला. ते म्हणाले, "आमच्याकडे यांना थंडी बाधेल. दया म्हणूनच आम्ही नकार देतो." काठवाल्या चौघांपैकी मिठागरचे वकील तडकले. "दरसाल धरणाच्या वर्गणीतून हिस्सा नेता तेव्हा थंडी बाधत नाही ती?" त्यावर राघो दादाजी म्हणाले, "वर्गणी ही एकोप्याची गोष्ट. माणसे ही घरची गोष्ट." तेव्हा बाकीच्या सातांनी मोठा निषेध केला, आणि मनात मोठा आनंद मानिला, कारण नकाराचे वाईटपण एकावर आणि नकाराचा फायदा नवांस. ही राघो दादाजींची खरी चाकरी होती आणि ती ते निष्ठेने बजावीत. बाईंचे चारशे जाहले. मग निळकंठरावांनी मसुदा काढिला की, माणसे वाटून घेण्याची 'इच्छा धरण्याचा विचार' सर्वांस मान्य आहे. त्यावर 'इच्छा' भारी शब्द आहे असे दोघांचे मत पडले. नऊशे जाहले. मग मसुदा नऊ बोलींत फिरविण्यास दिला. मग फराळ आला. फराळात चिवडा कोणत्या दौलतीच्या रीतीचा असावा हे मात्र पूर्वीच ठरले होते, त्यामुळे खोळंबा जाहला नाही. पंधराशे जाहले.

बाई उठल्या, आणि पात्र उशीवरून घेऊन, एक थेंब न सांडता हंड्यावर ठेविले.

निळकंठराव दचकून म्हणाले, "बाई, हे काय आरंभिले? मसलत चालू आहे!"

"चालू असावी, सरकार. पात्रही चालू आहे."

"उचला ते! उचला म्हणतो ना!"

"उचलते. हुकूम द्यावा." बाईंचा आवाज जैसा रोजचा तैसाच होता. "तहात लिहिले आहे, नऊ मुद्रांवाचून हुकूम नाही. मघाशी पात्र उचलिले त्यावर एकही मुद्रा नव्हती, नुसती मान हलली होती. चूक माझी जाहली, ती दुरुस्त केली. आता नऊ मुद्रा व्हाव्या, मी उचलते."

पात्र उचलणे हे बेकायदा, असे चाळीस वर्षांत कोणी म्हटले नव्हते. मग निळकंठराव घाईने म्हणाले, "बरे, मुद्रा करू. काळास विसावा द्यावा, कोणाची हरकत?" आठ मुद्रा पटापट बाहेर आल्या. राघो दादाजी मात्र मांडी न हलविता म्हणाले, "मसुदा आमच्या बोलीत कोठे आहे?"

"अहो राघोपंत, दोन शब्दांचा मसुदा! पात्र उचला! याची बोली ती काय?"

"दोन शब्दांचा असो. आज दोन शब्द आमच्या बोलीवाचून, उद्या दोनशे. उंचवट्यास तुम्ही लोक गृहीत धरिता. नाही म्हणजे नाही."

"मान्य करा हो, पाया पडतो!" मिठागरचे वकील ओरडले.

"पाया पडणे तहात नाही," राघो दादाजी म्हणाले.

तितक्यात तांबे पाण्याखाली गेले. बाईंनी टोल दिला. घाटावर पहारेकऱ्याने साखळी सोडिली, कारण त्यास टोल कळत होता आणि मसलत कळत नव्हती, आणि खेमाच्या नावा धारेस लागल्या. येणेप्रमाणे ज्या एका नकाराने तीन दिवस माणसे बेटावर राहिली, त्याच नकाराने ती सुटली, आणि राघो दादाजींस दोन्ही वेळा आपण काय केले ते कळले नाही.

आठ खेपा सुखरूप आल्या. नववीस खेमा गेला तो टेकाड पाण्याखाली होते. वरच्या अंगास दोन ओढे नदीस मिळाले होते, आणि नदीस त्रैराशिक ठाऊक नव्हते. वीस माणसे राहिली होती, त्यातील नऊ एका बाभळीस धरून होती, ती आणिली. अकरा नव्हती.

खेमा ओला येऊन पायरीवर बसला आणि म्हणाला, "आक्का, थोडे आधी वाजते तर."

बाई म्हणाल्या, "मी भ्याले नाही, खेमा. भ्याले असते तर श्वास भराभर चालते, पंधराशे लवकर भरते, आणि तेवढ्यात एक खेप जाती. मी बरोबर मोजले."

इकडे सदरेने तेच दिवशी नऊ मुद्रांनी, चकार शब्द न बोलता, तीन ठराव केले. पहिला हा की, माणसे वाचली ती एकोप्याच्या दूरदृष्टीने आणि मुदतीच्या आत. दुसरा हा की, काळाशी बेअदबी केल्याबद्दल गिरमाबाईंस दूर करावे. तिसरा हा की, नवे पात्र घडवावे, शुद्ध चांदीचे, नऊ दौलतींची चिन्हे कोरलेले, आणि पुन्हा ऐसा प्रसंग येऊ नये म्हणून त्यास भोक नसावे.

तात्पर्य, तीनशे एकोणतीस माणसे घाटाच्या पहिल्या पायरीवर राहिली, कारण ती पायरी कोणाची हे ठरावयाचे आहे. गिरमाबाई त्याच पायरीवर बसून खेमाच्या नावांचे टोल देतात, श्वासावर मोजून, आणि प्रत्येक गणतीत अकरा कमी धरितात. आणि वर सदरेत चांदीचे पात्र तरंगत आहे, ते बुडत नाही, आणि समया लावून नऊ वकील बैसले आहेत, आणि त्यांच्या हिशेबी अजून त्या नवमीची मध्यान्ह जाहलेली नाही. इतके वर्तमान पाहिले तितके लिहिले, पुढील लिहिण्यास पुढील घटिका यावी लागेल.