भामाचा दोन देशांचा वाडगा

सन २०१४. त्या जूनमध्ये आमच्या आंध्र प्रदेशाची दोन राज्ये झाली. छप्पन साली हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले तेव्हा मी नऊ वर्षांची होते, त्यामुळे वाटणी मला नवी नव्हती. नवे एवढेच, की या वेळी मी वाटणाऱ्यांत होते.

हैदराबादेतल्या आमच्या सरकारी कार्यालयाच्या कँटीनमध्ये भामा एकोणीस वर्षे रोजंदारीवर स्वयंपाक करत होती. तिला कायम करण्याचा कागद अखेर वर आला. अट एकच: उमेदवाराने एक आंतरराष्ट्रीय पदार्थ करून दाखवावा. परीक्षा समितीत अधीक्षक केशवराव, तिकडच्या आंध्रात जायला निघालेले अप्पाराव आणि निवृत्तांची प्रतिनिधी म्हणून मी.

भामाने नातीच्या मोबाइलवर पाहून वाडगा केला. खाली भात, एका बाजूला इथिओपियाच्या पद्धतीची मसूर, लाल तिखट, मेथ्या, आले, वेलदोडा घालून रटरटलेली, दुसऱ्या बाजूला मेक्सिकोचा राजमा, मका, टोमॅटो, वर लिंबू. पहिल्याच घासाला अप्पारावांच्या टकलावर घाम आला. केशवरावांनी वाडगा बोटाने पुसून खाल्ला आणि मग अडचण मांडली. कार्यालयातले पंखे, खुर्च्या आणि माणसे दोन राज्यांत अठ्ठावन्नास बेचाळीस वाटली जात असताना दोन देश एका वाडग्यात ठेवण्याची तरतूद नव्हती. परीक्षा रद्द झाली.

दुसऱ्या परीक्षेला भामाने मधोमध ज्वारीची भाकरी उभी रोवून सीमा आखली. पाच मिनिटांत रस्सा सीमेपार झिरपला. त्याची नोंद झाली. मग अप्पारावांनी विचारले, "मिरची कुठली?"

"अफझलगंजातली, साब."

"तिथे घेतली. मूळची कुठली?"

"गुंटूरची असंल."

गुंटूर तिकडे गेले होते. मिरचीही तिकडे वर्ग झाली. भामाला हात द्यावा म्हणून मी सांगितले, की मिरची मुळात मेक्सिकोकडची आहे. त्यावर इथिओपियाच्या मसुरीतली मिरची अतिक्रमण ठरली. टोमॅटो मदनपल्लीचा निघाला, तोही तिकडे गेला. मीठ समुद्राचे आणि समुद्र तिकडचा. मसूर, राजमा, मका यांच्याकडे स्थानिक ठरायला लागणारा सात वर्षांच्या वास्तव्याचा दाखला नव्हता. लिंबू रजेवर असल्यासारखे गप्प होते, तेही काढले. स्थानिक म्हणून तांदूळ तेवढे टिकले.

"मग शिजवू कशात, साब? पाणी तरी घेऊ का?" भामाने विचारले.

"पाण्याचा वाद न्यायाधिकरणापुढे आहे," केशवराव म्हणाले.

तिसऱ्या परीक्षेला भामाने वाडग्यात कोरडे तांदूळ ठेवले. आम्ही तिघांनी चार चार दाणे चावून पाहिले. अहवालात लिहिले गेले, 'उमेदवाराच्या हाताला चव नाही.' खाली तीन सह्या. तिसरी माझी.

"बाई, पहिला वाडगा तुम्ही खाल्लात ना?" भामाने मला विचारले.

"ती परीक्षा रद्द आहे," मी म्हणाले.

केशवराव बढती घेऊन निवृत्त झाले. पदार्थांच्या विभाजनावरचे त्यांचे टिपण प्रशिक्षणात वाचायला देतात. अप्पाराव विजयवाड्याला गेले, तिकडचे तिखट सोसेना, ताकभातावर आहेत. कँटीन दोन्ही राज्यांनी मागितल्यामुळे कुलूपबंद आहे. भामा चिक्कडपल्लीत गाडीवर वाडगे विकते. मी रविवारी मागवते, दुसऱ्याच्या नावाने.

ही भामा मूळची कुठली, ते मी लिहिलेले नाही. वाचताना तुमच्या मनात तो प्रश्न आला असेल, तर कळवा. समितीतली माझी जागा रिकामी आहे.