शिव्यांचा तह

श्री वरुणदेवता प्रसन्न. ज्याने खाऱ्या पाण्यास काठ दिले आणि काठांस माणसे दिली, त्यास दंडवत घालोन हकीकत लिहिली जाते ऐसी जे, शके अठराशे सत्तर, सर्वधारी नाम संवत्सरे, माघ सरोन फाल्गुन लागता पश्चिम समुद्रापलीकडील एका मुलखी मोठे राजकारण जाहले. मुलखाचे नाव लिहावयाची गरज नाही. ज्यांचा होता त्यांस ठाऊक होते, आणि ज्यांणी बळकाविला ते सोयीप्रमाणे बदलीत असत. तेथे टोपीकरांचा अंमल. टोपीकर बहुत शहाणे. त्यांणी पाहिले की माणसे एकत्र बसली म्हणजे बोलतात, आणि बोलली म्हणजे प्रश्न विचारतात. म्हणोन त्यांणी माणसांचे तीन वर्ग केले, गोरे, हिंदी आणि काळे, आणि बंदरास तीन दरवाजे केले. पहिला रुंद आणि सावलीचा, तेथून गोरे जात. दुसरा मध्यम, तेथून हिंदी कारकून आणि सुतार-लोहार जात. आणि तिसरा ऐसा की ओझेवाल्यास कंबर वाकविल्यावाचून आत शिरता न ये. पाण्याचे नळ वेगळे, बसावयाचे बाक वेगळे, राहावयाच्या पेठा वेगळ्या. समुद्र तेवढा एक राहिला, कारण त्यास भिंत घालिता येईना.

त्या बंदरी सगुणा नामे मुलगी दुसरे आणि तिसरे दरवाजाचे मधोमध खाणावळ चालवीत असे. बाप धाकोजी सुतार, मालवणाकडील, आगगाडीचे कामास म्हणोन गेला आणि तेथेच रमला. आई म्वानाइशा त्याच मुलखाची. बापाने मुलीचे नाव सगुणा ठेविले, आईने रेहेमा, आणि मुलगी दोन्ही हाकांस ओ देई. खाणावळीत मोगो म्हणोन कंद, ज्याचा आपणांकडे साबुदाणा होतो, तो उकडोन वर कुळथाची पिठी ऐसा बेत असे. हिंदी म्हणत पिठी आमची, बंदरवाले, म्हणजे काळे वर्गाचे ओझेवाले, म्हणत कंद आमचा, आणि खाऊन दोघेही बोटे चाटीत. परंतु एका बाकावर बसोन खात नसत. खाणावळ आणि घर हिंदी पेठेत, धाकोजीने स्वहस्ते बांधिलेले. पेठेतील थोर लोक त्याच्या हातचे पाट घेत, त्याच्या घरचे पाणी घेत नसत. ऐसे ते थोरपण.

मग त्या वर्षी लाटसाहेबाने दवंडी पिटविली की पाडव्यापासोन हिंदी पेठेत हिंदी वर्गाचेच माणूस राहील. काळे वर्गाचे कोणी राहिले तर चाकर म्हणोन राहावे, नाही तर आतल्या रानातील वस्तीस चालते व्हावे. आणि ज्यांचे रक्त मिसळले त्यांणी अंमलदारासमोर उभे राहोन आपला एक वर्ग बोलोन दाखवावा. सगुणा हिशेब मांडू लागली. आपण हिंदी म्हणावे तर आई रानात, काळी म्हणावे तर दोघी रानात आणि बापाचे घर परक्याचे. रात्रंदिवस तिला दुसरे सुचेना. इतक्यात बंदरवाल्यांनी काम बंद केले. त्यांचा पुढारी मकामे, ओझेवाल्यांचा मुकादम, माणूस ताडासारखा, आवाज गलबताच्या भोंग्यासारखा. त्याचे म्हणणे दोनच: ही दवंडी मागे घ्या आणि तीन दरवाजांचा एक करा. परंतु हिंदी कारकून आणि सुतार कामावर जात राहिले, बंदर लंगडत का होईना चालत राहिले, आणि लाटसाहेब टेकडीवरील कोठीत निश्चिंत चहा पीत राहिला. हिंदी पेठ एक दिवस घरी बसती तर टोपीकरांचे पाय जमिनीस लागते. हे सर्वांस कळत होते. पण दोन्ही पक्षांचे बोलणेच नव्हते.

न बोलण्याचे कारण ऐसे. त्या मुलखी एक चाल आहे, तीस उतानी म्हणतात. काही कुळांचे काही कुळांशी थट्टेचे नाते असते. ज्याचे हे नाते त्याने समोरच्यास वाटेल ती शिवी द्यावी, समोरच्याने हसोन सवाई परत करावी, रागावेल तो नाते तोडील. आणि हेच शिव्या देणारे समोरच्याच्या घरी मरण आले तर पहिले धावतात, खड्डा खणतात, रडणाऱ्यांस हसवितात. मकामेचे कुळाचे म्वानाइशाचे कुळाशी हे नाते होते, त्यायोगे जावयाशीही. काही वर्षांमागे धाकोजी वारला तेव्हा पेठेतील वडीलमाणूस, हेडकारकून दाजीबा लेले, गाववाला म्हणोन तिरडीस खांदा द्यावयास आले. इतक्यात मकामे वाटेत आडवा पडोन ओरडला, "हा आळशी सुतार पळाला कोठे? माझे दार करकरते, ते कोण नीट करील? दार नीट केल्यावाचून मी याला मरू देणार नाही!" एकाने हसोन तितकीच चांगली शिवी हाणली असती तर मकामे उठोन पहिला खांदा त्याचाच लागता. परंतु दाजीबांचे डोळे लाल जाहले. "मेल्यावरही विटंबना!" ऐसे म्हणोन त्यांणी तिरडी दुसरे वाटेने नेली आणि मागे पाहिले नाही. हिंदी म्हणाले, हे लोक मढ्यासही सोडीत नाहीत. बंदरवाले म्हणाले, आम्ही सोयरीक दिली, यांणी एक शिवीसुद्धा परत दिली नाही. सगुणेस दोन्ही बाजू कळत होत्या, पण बापाच्या मढ्यापाशी रडणाऱ्या पोरीचे कोण ऐकतो.

आता मात्र तिने पदर खोचला आणि प्रथम मकामेकडे गेली. म्हणाली, "मामा, दाजीकाकांकडे चला. हात जोडा, विनंती करा, ते कामावर न जातील." मकामे बोलिला, "रेहेमा, विनंती परक्यास करतात. आम्ही त्यांस घरचे मानिले होते. त्या म्हाताऱ्याकडून शिवी आली तर मी आत्ता उठोन येतो, सगळे बंदर घेऊन येतो. विनंतीस मात्र पाऊल उचलणार नाही." सुंभ जळाला तरी पीळ जाईना, ऐसे मनात म्हणोन सगुणा तेथून तडक दाजीबांचे ओटीवर आली.

दाजीबा संध्या आटपोन बसले होते. सगुणेने विचारिले, "काका, तुमच्या गावी शिमग्याला तुमच्या दारात बोंब मारीत होते की नाही?" ते म्हणाले, "मारीत होते तर! आमच्या वडिलांच्या नावाने खोतांची पोरं काय काय बरळायची. वडील आतून गूळ-खोबरं पाठवायचे." सगुणा म्हणाली, "ज्या घरासमोर बोंब मारली नाही, त्या घराला काय वाटायचं?" दाजीबा हसले. "अगो, त्याला वाटायचं, आपल्याला वाळीत टाकलं." तेव्हा सगुणा म्हणाली, "मकामेमामांनी बाबांच्या वाटेत बोंब मारली ती त्यातलीच. यांचा शिमगा बारा महिने असतो आणि मरणाच्या दारातही असतो. तुम्ही गूळ-खोबरं दिलं नाहीत, काका. तुम्ही त्यांना वाळीत टाकलंत."  दाजीबांनी उपरण्याने डोळे पुसले आणि म्हणाले, "म्हणजे तो धाकोजीला खांदा द्यायला आला होता, आणि मी त्याला देऊ दिला नाही. काय करू सांग." सगुणा म्हणाली, "शिवी द्या. चारचौघांत, तोंड भरून." दाजीबांस घाम फुटला. जन्मात कोणास अरे म्हटले नव्हते. मोठ्या कष्टाने बोलिले, "मकामेराव, आपण... आपण फारसे सद्गृहस्थ नाही." सगुणा हसोन लोळली. "काका, हे तर मानपत्र झालं!" मग तिने त्यांस ओटीवरच तालीम दिली. आतून लेलेकाकू कानांवर हात घेऊन ओरडल्या, "अहो, शेजारी ऐकताहेत!" आणि जेथे दाजीबांस शब्द सुचेना तेथे आतूनच एकेक सुचवू लागल्या. काकूंचा साठा पाहोन दाजीबा थक्क जाहले.

पुढे होळीचा दिवस उगवला. लाटसाहेबाचा हुकूम होता की हिंदी आणि काळे यांणी एके ठिकाणी जमू नये, जमल्यास बंदूक चालेल. तरी पेठेच्या चौकात होळी रचिली, एका अंगास हिंदी लोक उभे राहिले, आणि सगुणेच्या सांगण्यावरोन दुसऱ्या अंगास बंदरवाले येऊन ठाकले. शिपाई बंदुका सरसावोन मध्ये उभे. दाजीबा पुढे आले, पगडी नीट केली, आणि देव्हाऱ्यासमोर आरती म्हणावी ऐसा खडा सूर लावोन बोलिले, "अरे मकाम्या! तुझे पोट पाहोन बंदरात जहाज लागले म्हणोन आमचे लोक दोर टाकावयास धावतात! अरे, तुझ्या घोरण्याने भरती चुकते आणि कोळी रिकामे परततात!"  मकामेने डोळे मिटले. मग आकाश फाटावे तैसा तो हसला, आणि ओरडला, "अरे वाळक्या बोंबिला! तुझी शेंडी पाहोन आमच्या शेळ्या गवत म्हणोन पाठीस लागतात! सात समुद्र ओलांडिलेस आणि एक शिवी ओलांडावयास इतकी वर्षे लागली!" मग काय विचारता. हिंदी सुतारांनी ओझेवाल्यांच्या पायांवरोन शिव्या हाणल्या, ओझेवाल्यांनी कारकुनांच्या चष्म्यांवरोन हाणल्या, गुजराथी वाण्यांनीही हात धुवोन घेतले, आणि लेलेकाकूंनी खिडकीतून जे टाकिले ते लिहिता येत नाही. शिपाई गोंधळले आणि जमादार टेकडीवर धावला. लाटसाहेबाने दुभाष्यास विचारिले, ते काय बोलतात? दुभाषी इमानी मनुष्य. त्याने शब्दास शब्द सांगितले. ते ऐकोन साहेबाचे मुखावर तेज चढले. म्हणाला, "उत्तम. एकमेकांच्या बापांपर्यंत गेले म्हणजे सांजेपर्यंत डोकी फुटतील. शिपाई काढोन घ्या, मध्ये पडू नका." ऐसी टोपीकरांची मसलत. शिपाई गेले, आणि त्याच चौकात दोन्ही अंगांच्या लोकांनी पुरणाची पोळी आणि मोगो एका पंक्तीस बसोन खाल्ले, आपापल्या देवाची आण घेतली, की दवंडी मागे जाईतो कोणीही बंदरी जाणार नाही.

दुसरे दिवशी दुसरा दरवाजाही सुना राहिला. मालाची नोंद करावयास कारकून नाही, माल उचलावयाची यारी दुरुस्त करावयास लोहार नाही, आणि जहाजातील साहेबलोकांचे लोणी उन्हाने वितळोन पाटातून वाहू लागले. पाडवा जवळ आला तैसा लाटसाहेब कष्टी जाहला, आणि त्यास कळले की या सर्वांचे मूळ खाणावळवाली मुलगी आहे. मग तो जातीने बंदरी आला, खुर्ची मांडोन बसला, आणि सगुणेस आईसह बोलाविले. म्वानाइशाने रानात जावे लागेल म्हणोन गाठोडे बांधोनच आणिले होते. दोन्ही पेठांचे लोक भोवती गोळा जाहले. साहेब गोड बोलिला की मुली, एक शब्द बोल, हिंदी, आणि तुमचे लोकांस कामावर जावयास सांग. घर तुझे, खाणावळ तुझी. आणि तुझी आई तुझेच घरी चाकर म्हणोन राहो, त्यास आमची हरकत नाही.

म्वानाइशा मुलीचे कानाशी बोलिली, "म्वानांगु, माझ्या लेकरा, बोलोन टाक. जन्मभर तुझ्यासाठी रांधिले, पुढेही रांधीन. चाकर म्हटले तर हात का बदलतात?"  बापाने रंधा मारलेली ती चौकट, तो ओटा, सारे सगुणेचे डोळ्यांपुढे आले, आणि क्षणभर तो शब्द तिचे ओठापर्यंतही आला. मग तिने आईचे डोईवरील गाठोडे उतरवोन आपले डोईवर घेतले आणि म्हणाली, "साहेब, मी हिच्या पोटी जन्मले. जेथे माझी आई माझी चाकर, ते घर मला नको. आम्ही जातो." साहेब संतापला. भोवती पाहोन गरजला, "या बाईचे हिंदी पेठेत कोण आहे? कोणी असेल तर पुढे यावे, आणि नोकरीस मुकावे!"

 दाजीबा लेले पुढे आले. इतकी वर्षे ज्या साहेबासमोर मान खाली घालोन उभे राहिले, त्याचेच समोर मान वर करोन बोलिले, "मी आहे, साहेब. ही माझी पुतणी. आणि या माझ्या वहिनी." मग म्वानाइशाकडे वळोन हात जोडिले. "वहिनी, गाठोडं बांधून कुठे निघालात? घरी चला. तुमच्या हातचं पाणी प्यायचं राहिलंय माझं." वहिनी हा शब्द त्या पेठेत म्वानाइशास आजवर कोणी उच्चारिला नव्हता. तिने डोईवरचे वस्त्र तोंडास लाविले आणि ती रडली, आणि लेलेकाकूंनी तिला जवळ घेतले.

तोच मागोन मकामेचा आवाज आला. दाजीबांस उद्देशोन तो आपले भाषेत ऐसे काही बोलिला की बंदरवाले हसले, हिंदी हसले, शिपायांनी तोंडे फिरविली, म्वानाइशा रडता रडता हसली, आणि दाजीबांनी वळोन त्यास त्याचेच भाषेत सवाई परत केले. साहेब खुर्चीवरोन उठला. "काय बोलिले? दुभाषी, सांग, ते काय बोलिले?" दुभाष्याने साहेबाकडे पाहिले, लोकांकडे पाहिले, आणि नोकरीस लागल्यापासोन प्रथमच हात जोडोन म्हणाला, "साहेब, माफी असावी. घरातली गोष्ट आहे."

येणेप्रमाणे हकीकत जाहली. बंदर बंदच राहिले, आणि पाडव्यास दवंडी मागे गेली. तीन दरवाजांचा एक व्हावयास आणखी काही वर्षे गेली, पुष्कळांस तुरुंग घडला, आणि पेठेतील काही भित्रे बिऱ्हाड मोडोन परत गेले, हेही खरे. परंतु ज्या दिवशी टोपीकर आपले निशाण उतरवोन जहाजावर चढले, त्या दिवशी त्यांणी केलेले तीन वर्ग त्यांजबरोबर न्यावयास कोणी ओझेवाला मिळेना. लोकांस घरी जाण्याची घाई होती.