उसात मोठ्याने बोलायचं ते असं

ऋतिकाला मनातलं सांगायचं, तेही न घाबरता, अशी माझी पक्की योजना होती. पहिलीपासूनची मैत्रीण. राजुरीत तिच्या आणि आमच्या रानात फक्त एक बांध. पण गेल्या दिवाळीपासून ती समोर आली की माझं डोकं माळशेज घाट चढणाऱ्या भरल्या टेम्पोसारखं घरघरतं. नाही म्हणाली तर? मैत्रीही गेली तर? मग चहा कुणाबरोबर प्यायचा?

मोबाईलवरच्या एका डॉक्टरांनी उपाय सांगितला. भीती मनात कोंडू नका, मोठ्याने बोलून टाका. मला सोयीचंच झालं. आमच्याकडे बिबट्यामुळे उसात शिरताना सगळेच मोठ्याने बोलतात. कुणी गाणी म्हणतं, कुणी सरकारला शिव्या देतं. माझ्याकडे कोण लक्ष देणार?

सकाळी उसाला पाणी द्यायला गेलो आणि सुरू केलं, "ऋतिका, माझा लई जीव हाय तुझ्यावर. तू न्हाई म्हणालीस तर..." नेमकं बाजूला काहीतरी खसफसलं आणि मी किंचाळलो. निघालं आमचंच कुत्रं.

पण तोवर लांबून तिचे वडील, हनुमंतअण्णा, ओरडले होते, "पळा रं, बिबट्या!" बघता बघता अर्धी वस्ती काठ्या आणि पत्र्याचे डबे घेऊन हजर. त्यात ऋतिकाही, हातात कोयता.

"कुठं हाय?" अण्णांनी विचारलं.

खरं सांगावं, तर आधी काय बडबडत होतो तेही सांगावं लागणार. मी गुमान बोट दाखवलं. "तिकडं गेला."

"केवढा व्हता?"

"लई मोठा."

दुपारपर्यंत डबे वाजले. मी माझ्या डोक्याला आणि त्या डॉक्टरला शिव्या घालत उभा. शेवटी अण्णांनी निकाल दिला, "ऋते, उद्यापास्नं ह्याच्या संगं तू जा. ह्यो लई भित्रा हाय. मी पलीकडनं डबा वाजवतो."

दुसऱ्या दिवशी ती पुढे, मी मागे. उसात शिरल्यावर ती वळली.

"बोल की मोठ्यानं. बिबट्या यील."

"काय बोलू?"

"काल बोलत व्हतास तेच. मी बांधावरच व्हते. कुत्र्यामुळं पुढचं राह्यलं."

वर्षभर ज्या क्षणाची धास्ती घेतली, तो समोर उभा. मी सगळा धीर गोळा करून तोंड उघडलं आणि बाहेर पडला बाराचा पाढा. बारा पंचे साठपर्यंत तिने ऐकून घेतलं. मग कपाळावर हात मारून ओरडली, "व्हय म्हणते मी, येड्या! पाढा थांबव!"

पलीकडचा डबा वाजायचा थांबला.

"कशाला व्हय म्हणतीस गं?" अण्णांचा आवाज आला.

मी तेराचा पाढा सुरू केला.